मिरांदा, कार्मेन

(९ फेब्रुवारी १९०९–५ ऑगस्ट १९५५). ब्राझीलची जगद्‌विख्यात गायिका व चित्रपट-अभिनेत्री. मूळ नाव मारिया दू कार्मू मिरांदा दा कुन्या. उत्तर पोर्तुगालमधील मार्कू दे कानाव्हेझिस या भागातील एका खेड्यात तिचा जन्म झाला. वडील जोझे मारिया पिंतू दा कुन्या हे व्यवसायाने न्हावी. उदरनिर्वाहासाठी ते ब्राझीलला गेले आणि त्यांच्या पाठोपाठ तिची आई मारिया एमील्या दोन मुलींना घेऊन रीओ दे जानेरो येथे आली. कार्मेन त्या वेळी तान्ही होती. त्यानंतर तिने पोर्तुगालमध्ये पुन्हा कधीही पाऊल ठेवले नाही. तथापि तिचे नागरिकत्व पोर्तुगीजच राहिले. जिला पुढे जगाने ब्राझीलची मूर्तिमंत प्रतिमा मानले, ती कागदोपत्री परदेशी होती. हा विरोध तिच्या समकालीनांना फारसा खटकला नाही. खटकल्या त्या दुसऱ्याच गोष्टी, आणि त्यांतूनच तिच्या कारकीर्दीला इतिहासाच्या दृष्टीने महत्त्व आले.

तिचे बालपण रीओच्या लापा या वस्तीत गेले. ही वस्ती रात्रजीवन, गाणेबजावणे आणि सर्व थरांतील माणसांची वर्दळ यांसाठी प्रसिद्ध होती. जोगिणींनी चालविलेल्या शाळेत तिचे थोडेफार शिक्षण झाले. थोरली बहीण ओलिंदा हिला क्षयाची बाधा झाल्याने तिला उपचारांसाठी पोर्तुगालला पाठवावे लागले व तो खर्च भागविण्यास हातभार म्हणून कार्मेनने चौदाव्या-पंधराव्या वर्षीच शाळा सोडून दुकानात नोकरी धरली. प्रथम गळपट्ट्यांच्या आणि नंतर स्त्रियांच्या टोप्यांच्या दुकानात तिने काम केले. टोप्या घडविण्याचे कसब ती तेथेच शिकली. तिच्या शिरोभूषणांची पुढे जी ख्याती झाली, तिचे मूळ या दुकानातील उमेदवारीत शोधता येते. आपले पोशाख व मुंडाशी ती आरंभीच्या काळात स्वतःच बेतीत असे.

तिची आई खानावळ चालवीत असे. त्या ओळखीपाळखीतून बाईया प्रांतातील गिटारवादक व संगीतकार जोझुए दे बारूस याच्या कानी कार्मेनचे गाणे पडले आणि त्याने तिला नभोवाणी व ध्वनिमुद्रिकांच्या क्षेत्रात आणले. १९२९ मध्ये तिची पहिली ध्वनिमुद्रिका तयार झाली. १९३० मध्ये जूबेर्त दे कार्व्हाल्यू याच्या ‘ताई’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या गीताने ती एकदम प्रकाशात आली. या ध्वनिमुद्रिकेच्या पस्तीस हजारांच्या आसपास प्रती खपल्या. त्या काळच्या ब्राझीलमध्ये हा आकडा अपूर्वच होता. १९३३ मध्ये रीओच्या मायरिंक व्हेइगा या नभोवाणी केंद्राने तिला करारबद्ध केले. ब्राझीलच्या नभोवाणीवर असा रीतसर करार मिळालेली ती पहिली गायिका मानली जाते. उंचीने ती जेमतेम पाच फूट होती. यावरून निवेदक सेझार लादेइरा याने तिला दिलेले ‘आ पेकेना नोताव्हेल’ (गुणी चिमुरडी) हे टोपणनाव सर्वतोमुखी झाले. १९४० पर्यंत तिची अडीचशेहून अधिक गीते ध्वनिमुद्रित झाली. हॉलिवुडमधील चित्रपटांवरून तिची पारख करणाऱ्यांना या ध्वनिमुद्रिका सहसा ठाऊक नसतात. शब्दांची चटपटीत फेक, लयीशी खेळणे आणि ओळीच्या शेवटी डोकावणारे मिस्कील हसू हे तिच्या गायनाचे खरे विशेष त्यांत आढळतात.

तिच्या यशाचा काळ आणि सांबा संगीताच्या प्रतिष्ठेचा काळ हे एकच होत. बाईयातून रीओला आलेल्या कृष्णवर्णीय कुटुंबांच्या वस्त्यांत, विशेषतः प्रासा ओंझे परिसरात, सांबा वाढला. तेथील सिआता मावशी (इलारिया बातिस्ता दे आल्मेइदा) हिच्या घरी भरणाऱ्या मैफली प्रसिद्ध आहेत. सांबा म्हणून गाजलेले पहिले ध्वनिमुद्रित गीत १९१७ मधील. प्रारंभी या संगीताकडे प्रतिष्ठित समाज तुच्छतेने पाही आणि पोलीसही वादकांना त्रास देत. १९३० मध्ये झेतूल्यू व्हार्गस सत्तेवर आला. प्रांताप्रांतांत विभागलेल्या या विशाल देशाला एक राष्ट्रीय ओळख मिळवून द्यावी, असे त्याच्या राजवटीचे धोरण होते. नभोवाणी हे त्याचे साधन ठरले आणि सांबा राष्ट्रीय संगीताच्या पदवीस चढला. मात्र रचना करणारे कृष्णवर्णीय व मिश्रवर्णीय कलावंत आणि त्या गाऊन नावारूपाला येणारे गौरवर्णीय गायक, अशी विभागणी या व्यवहारात राहिली. हिरव्या डोळ्यांची, गौरवर्णाची कार्मेन ही त्या विभागणीची लाभार्थी होती, हे नाकारता येत नाही. दुसऱ्या बाजूला असिस व्हालेंतीसारख्या मिश्रवर्णीय रचनाकारांची गीते तिने आवर्जून गायली व त्यांना देशभर पोहोचविले, हेही तितकेच खरे.

ब्राझीलमधील बोलपटांचा आरंभ याच सुमारास झाला. आदेमार गोंझागा याने १९३० मध्ये स्थापिलेल्या सिनेदिया या चित्रपटसंस्थेने व वॉलेस डाउनी या अमेरिकन निर्मात्याने नभोवाणीवरील लोकप्रिय गायकांना पडद्यावर आणणारे संगीतपट काढण्यास प्रारंभ केला. कार्निव्हलच्या तोंडावर ते प्रदर्शित होत. त्यांत कथानक नावापुरतेच असे. श्रोत्यांना आजवर केवळ आवाजाने परिचित असलेले चेहरे पाहावयास मिळत, हेच त्यांचे मुख्य आकर्षण. कार्मेनने ‘आ व्होझ दू कार्नाव्हाल’ (१९३३), ‘आलो आलो ब्राझील’ (१९३५), ‘एस्तुदांतिस’ (१९३५) व ‘आलो आलो कार्नाव्हाल’ (१९३६) या चित्रपटांत कामे केली. यांपैकी शेवटच्या चित्रपटात धाकटी बहीण आउरोरा हिच्यासह, पुरुषी धर्तीचे चमकदार कोट व उंच टोप्या घालून तिने गायिलेले युगुलगीत विशेष गाजले.

‘बानाना दा तेर्रा’ (१९३९) या चित्रपटाने तिच्या आयुष्याला वळण दिले. त्यात आरी बारोझूचे एक गीत घ्यावयाचे ठरले होते. परंतु त्याने मागितलेला मोबदला निर्मात्याला परवडला नाही. त्याऐवजी बाईयातून नुकत्याच आलेल्या दोरिव्हाल काइमी या अपरिचित तरुणाचे गीत घेण्यात आले. बाईयाच्या स्त्रीपाशी काय काय असते, असा प्रश्न या गीताच्या शीर्षकातच असून तिच्या वस्त्राभरणांची यादी गीतात येते. साहजिकच गायिकेने तो पोशाख करणे क्रमप्राप्त झाले. काइमीने तिला हातवारे व डोळ्यांचे विभ्रम यांबाबत मार्गदर्शन केल्याचे सांगतात. या चित्रपटाचा बहुतेक भाग नष्ट झाला असून या गीताचा प्रसंग तेवढा सुदैवाने शिल्लक आहे.

हा पोशाख मूळचा साल्वादोर शहरातील कृष्णवर्णीय विक्रेत्या स्त्रियांचा. वाटलेल्या चवळीची, पामतेलात तळलेली भजी व मिठाया यांची पाटी घेऊन बसणाऱ्या या स्त्रियांचे डोक्याला गुंडाळलेले पांढरे वस्त्र, झालरींचा घोळदार झगा, खांद्यावरची शाल, गळ्यातील माळा आणि मनगटांवरील काकणे ही सर्व लेणी आफ्रिकी परंपरेशी व कांदोंब्ले या धर्मपंथाशी निगडित आहेत. माळांचे रंग देवतांनुसार ठरलेले असतात. रीओच्या कार्निव्हलमध्ये हा वेष सोंग म्हणून पूर्वीपासून रूढ होता व सांबा मंडळांच्या मिरवणुकांत बाईयाच्या स्त्रियांचे पथक असेच. कार्मेनने त्याला रेशमी व झगझगीत रूप दिले, पोट उघडे ठेवले, विक्रेतीच्या पाटीऐवजी मुंडाशावर फळांची छोटी टोपली ठेवली आणि कमी उंचीवर उपाय म्हणून जाड तळव्यांची उंच पादत्राणे वापरली. धर्मचिन्ह असलेला वेष अशा रीतीने प्रथम कार्निव्हलमध्ये, मग द्यूतगृहाच्या रंगमंचावर व अखेरीस जागतिक बाजारपेठेत गेला. प्रत्येक टप्प्यावर त्यातील अर्थ उणावत गेला आणि फळे वाढत गेली.

फेब्रुवारी १९३९ मध्ये न्यूयॉर्कचा नाट्यनिर्माता ली शूबर्ट याने रीओच्या ऊर्का द्यूतगृहात तिचा कार्यक्रम पाहिला व तिला करार देऊ केला. आपल्या साथीला ‘बांदू दा लुआ’ हा ब्राझिलियन वादकसंच हवाच, असा तिने आग्रह धरला. परक्या वादकांना सांब्याची लय पेलणार नाही, हे तिला पक्के ठाऊक होते. शूबर्ट वादकांचा खर्च सोसण्यास राजी नव्हता. अखेर व्हार्गसच्या शासनाने त्यांच्या प्रवासाची तजवीज केली. शासनाच्या दृष्टीने ही देशाची जाहिरात होती. मे १९३९ मध्ये ती न्यूयॉर्कला पोहोचली व १९ जूनला ब्रॉडवेवर ‘द स्ट्रीट्स ऑफ पॅरिस’ या संगीतिकेत उभी राहिली. तिचा सहभाग जेमतेम सहा मिनिटांचा होता. परंतु त्या सहा मिनिटांची चर्चा सबंध प्रयोगापेक्षा अधिक झाली. प्रेक्षकांना भाषेचे एक अक्षर समजत नव्हते. काही महिन्यांतच न्यूयॉर्कच्या मोठ्या दुकानांत मुंडाशी, रंगीत मण्यांच्या माळा व उंच पादत्राणे यांची विक्री सुरू झाली. मार्च १९४० मध्ये राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांच्यासमोर व्हाइट हाउसमध्येही तिचे गायन झाले.

तिच्या या यशामागे राजकारणाची अनुकूलता होती. अमेरिकेने १९३३ पासून लॅटिन अमेरिकेविषयी ‘सच्छेजारा’चे धोरण अंगीकारले होते. दुसऱ्या महायुद्धाने यूरोपची बाजारपेठ हॉलिवुडला बंद झाली, तेव्हा दक्षिणेकडील प्रेक्षकवर्गाचे मोल वाढले; शिवाय त्या देशांत जर्मनीचा प्रभाव वाढू नये, अशीही निकड होती. ऑगस्ट १९४० मध्ये नेल्सन रॉकफेलर याच्या नेतृत्वाखाली आंतर-अमेरिकन व्यवहारांच्या समन्वयासाठी स्वतंत्र शासकीय कार्यालय स्थापन झाले व त्याचा चित्रपट विभाग निर्मितीसंस्थांना लॅटिन अमेरिकी विषय हाताळण्यास उत्तेजन देऊ लागला. वॉल्ट डिझ्नीचे ‘सालुदुस आमिगुस’ (१९४२) व ‘द थ्री कॅबालेरोज’ (१९४४) हे चित्रपट त्याच उपक्रमातील होत. दुसऱ्या चित्रपटात आउरोरा मिरांदाने काम केले. कार्मेनला ट्वेंटिएथ सेंच्युरी फॉक्स या संस्थेने घेतले. ब्रॉडवेच्या करारामुळे तिला न्यूयॉर्क सोडता येत नव्हते, म्हणून ‘डाउन अर्जेंटाइन वे’ (१९४०) या पहिल्याच चित्रपटातील तिची गीते चित्रपथकाने न्यूयॉर्कला येऊन चित्रित केली. अर्जेंटिनावरील चित्रपटात ब्राझीलची गायिका पोर्तुगीज भाषेत गाते, यात हॉलिवुडला काही वावगे वाटले नाही. अर्जेंटिनामध्ये मात्र आपल्या देशाचे हे चित्रण विपर्यस्त असल्याची टीका झाली.

जुलै १९४० मध्ये ती रीओला परतली, तेव्हा बंदरावर व रस्त्यांत तिच्या स्वागतासाठी प्रचंड गर्दी लोटली. त्यानंतर काही दिवसांनीच ऊर्का द्यूतगृहात राष्ट्राध्यक्षांच्या पत्नी दार्सी व्हार्गस यांच्या पुढाकाराने धर्मादाय कार्यक्रम झाला. समोर राजधानीतील धनिक व अधिकारी वर्ग होता. कार्मेनने श्रोत्यांना गमतीने इंग्रजीत अभिवादन केले आणि ब्रॉडवेवर गाजलेले गीत सुरू केले. श्रोते थंड राहिले. टाळ्या पडल्या नाहीत. ती कार्यक्रम आटोपता घेऊन आत गेली व रडली, असे तिच्या निकटवर्तीयांनी नमूद केले आहे. वृत्तपत्रांतूनही ती ‘अमेरिकाळली’ असा सूर निघाला. या घटनेचा अर्थ निरनिराळ्या प्रकारे लावला जातो. शासनातील काही मंडळींचा कल त्या काळी जर्मनीकडे होता व त्यांना अमेरिकी चाल रुचली नाही, हे एक कारण सांगण्यात येते. त्याहून महत्त्वाचे कारण वर्गीय असावे. स्वतः पॅरिसचे अनुकरण करणाऱ्या उच्चभ्रूंना विक्रेतीच्या वेषातील न्हाव्याची मुलगी आपल्या देशाची प्रतिनिधी म्हणून जगभर मिरवते, हेच मुळात सलत होते. बंदरावरील गर्दीने तिला नाकारले नव्हते.

तिने गाण्यातूनच उत्तर दिले. सप्टेंबर १९४० मध्ये त्याच रंगमंचावर तिने नवी गीते सादर केली. त्यांपैकी लुईझ पेइशोतू व व्हिसेंते पाइव्हा यांच्या एका गीताचा विषयच ‘मी अमेरिकी होऊन परतले, असे म्हणतात’ हा होता. या वेळी तिला भरघोस दाद मिळाली. तरीही ऑक्टोबरमध्ये ती पुन्हा अमेरिकेस निघून गेली, ती चौदा वर्षे परतली नाही.

‘दॅट नाइट इन रिओ’ (१९४१), ‘वीकेंड इन हॅवाना’ (१९४१), ‘स्प्रिंगटाइम इन द रॉकीज’ (१९४२) आणि ‘द गँग्‌ज ऑल हिअर’ (१९४३) हे तिचे फॉक्स संस्थेचे प्रमुख चित्रपट. हे सर्व टेक्निकलर पद्धतीचे भडक रंगांतील संगीतपट असून त्यांत नायिकेची जागा बहुधा अ‍ॅलिस फे किंवा बेटी ग्रेबल हिच्याकडे असे. कार्मेनच्या वाट्याला नायिकेची तापट व मोडके इंग्रजी बोलणारी मैत्रीण किंवा प्रतिस्पर्धी येई. तिची नावेही मासलेवाईक आहेत : रोसिता, दोरिता, चिकिता. ही सर्व स्पॅनिश वळणाची. ब्राझीलची भाषा पोर्तुगीज आहे, याची दखल पटकथाकारांना घ्यावीशी वाटली नाही. प्रत्यक्षात तिचे इंग्रजी चित्रपटांतील संवादांपेक्षा पुष्कळच चांगले झाले होते. परंतु चुकांना हशा मिळत असल्याने त्या चुका लिहून दिल्या जात. तिनेही या चौकटीत फटी शोधल्या. ‘दॅट नाइट इन रिओ’मध्ये रागाच्या भरात ती रीओच्या बोलीत जी सरबत्ती करते, तिची खुमारी केवळ मायदेशातील प्रेक्षकांनाच कळे. आपल्या प्रतिमेकडे ती स्वतःच डोळे मिचकावून पाहत असल्याचा भास तिच्या उत्तम प्रसंगांत होतो. विनोदी अभिनेत्री म्हणून तिची बुद्धिमत्ता या ठिकाणी दिसते.

‘द गँग्‌ज ऑल हिअर’ हा बस्बी बर्कली याने दिग्दर्शित केलेला चित्रपट या दृष्टीने कळसाचा म्हणता येईल. त्यातील फळांच्या टोपीच्या गीतात नर्तिका माणसाएवढी प्रचंड केळी हाती घेऊन फुलांसारख्या आकृत्या रचतात आणि शेवटी कार्मेनच्या मस्तकावरून केळ्यांचा घड पडद्याबाहेर जाईपर्यंत उंच उठतो. या प्रसंगाला अतिरेकाचा नमुना म्हणणारे समीक्षक आहेत, तसेच त्यात अतिवास्तववादी सौंदर्य पाहणारेही आहेत. केळे हे मध्य अमेरिकेतील अमेरिकी फळकंपन्यांच्या सत्तेचेही प्रतीक होते, हे लक्षात घेतल्यास या दृश्याची गंमत थोडी कडवट होते. त्याच्याशी तुलना करण्याजोगी एक हकिकत येथे नमूद केली पाहिजे. १९४२ मध्ये ऑर्सन वेल्स याच सच्छेजारी धोरणाखाली रीओला जाऊन कार्निव्हलचे चित्रण करीत होता. सांब्याचा उगम शोधत तो कृष्णवर्णीयांच्या टेकड्यांवरील वस्त्यांत शिरला. त्याचे हे कुतूहल चित्रसंस्थेला व ब्राझीलच्या शासनालाही मानवले नाही आणि तो चित्रपट अपुराच राहिला. त्याच वर्षी वेल्सच्या नभोवाणी कार्यक्रमात कार्मेनने सांब्यातील वाद्यांचा परिचय करून दिला होता.

मार्च १९४१ मध्ये हॉलिवुडच्या ग्रॉमन्स चायनीज थिएटरच्या प्रांगणात तिच्या हातापायांचे ठसे घेण्यात आले. लॅटिन अमेरिकेतील कलावंताला हा मान प्रथमच मिळाला. १९४५ च्या सुमारास वर्षाला दोन लाख डॉलरहून अधिक मिळवणारी ती अमेरिकेतील सर्वाधिक मिळकतीची स्त्री होती. तिच्या नकलांना ऊत आला होता : ‘बेब्ज ऑन ब्रॉडवे’ (१९४१) या चित्रपटात मिकी रूनीने तिचे सोंग वठविले, युद्ध आघाडीवरील सैनिकांच्या करमणुकीतही ते हमखास असे. ज्या कलावंताची नक्कल इतकी सोपी झाली, त्याला स्वतः वेगळे काही करणे अवघड होऊन बसते. युद्ध संपताच सच्छेजाराची गरज ओसरली, तिच्या चित्रपटांवरील खर्चही आखडला आणि ‘डॉल फेस’ (१९४५) हा तिचा चित्रपट रंगांविनाच निघाला. फॉक्सपासून अलग झाल्यावर तिने ‘कोपाकबाना’ (१९४७) या चित्रपटात ग्राउचो मार्क्ससमवेत दुहेरी भूमिका केली. त्यात ब्राझीलची गायिका आणि तोंडावर जाळी घेणारी फ्रेंच गायिका अशी दोन्ही सोंगे तीच वठविते. चौकट मोडण्याचा हा प्रयत्न फारसा यशस्वी झाला नाही. ‘अ डेट विथ ज्यूडी’ (१९४८) व ‘नॅन्सी गोज टू रिओ’ (१९५०) यांतील तिच्या भूमिका दुय्यम आहेत. ‘स्केअर्ड स्टिफ’ (१९५३) हा तिचा अखेरचा चित्रपट.

मार्च १९४७ मध्ये डेव्हिड सेबॅस्टियन याच्याशी तिचा विवाह झाला. तो सुखाचा ठरला नाही. १९४८ मध्ये तिचा गर्भपात झाला व पुढे मूल झाले नाही. नाइट क्लबांतील सततचे कार्यक्रम रेटण्यासाठी उत्तेजक गोळ्या आणि झोपेसाठी गुंगीच्या गोळ्या, असा क्रम तिने अनेक वर्षे चालू ठेवला होता. त्यात मद्याची व विषण्णतेच्या विकाराची भर पडली. डिसेंबर १९५४ मध्ये वैद्यकीय सल्ल्यावरून ती विश्रांतीसाठी रीओला आली. चौदा वर्षांपूर्वीच्या कटुतेचा मागमूस उरला नव्हता. काही महिन्यांत तिची प्रकृतीही सुधारली. परंतु एप्रिल १९५५ मध्ये ती अमेरिकेस परतली व पुन्हा कामाला लागली. ४ ऑगस्टला दूरचित्रवाणीवरील जिमी ड्यूरँटीच्या कार्यक्रमाच्या चित्रीकरणात, नाचताना दम लागून ती गुडघ्यावर कोसळली. सावरून, हसून तिने आपला भाग पुरा केला. त्याच रात्री बेव्हर्ली हिल्स येथील घरी हृदयविकाराच्या झटक्याने तिचे निधन झाले. तिचे वय ४६ वर्षांचे होते. हा कार्यक्रम तिच्या मृत्यूनंतर प्रक्षेपित झाला.

तिच्या इच्छेनुसार शव रीओला आणण्यात आले. अंत्ययात्रेला पाच लाखांवर लोक होते, असा अंदाज वर्तविला जातो. साँउ जोआँउ बातिस्ता स्मशानभूमीत तिचे दफन झाले. अंत्ययात्रेत लोकांनी तिची कार्निव्हलची गीते गायिली.

ब्राझीलमधील सुशिक्षित पिढीला तिची आठवण दीर्घकाळ अवघड वाटत राहिली. १९५० नंतरच्या दशकात बोसा नोव्हाच्या संयत संगीताने देशाची नवी ओळख घडवू पाहणाऱ्यांना केळ्यांची टोपी नकोशी होती. १९६८ मध्ये कायतानू व्हेलोझू याने आपल्या ‘त्रोपिकालिया’ या गीताच्या शेवटी तिचे नाव मुद्दाम घेतले, तेव्हा त्यात उपहास व आदर दोन्ही होते. ती आपल्या पिढीला अभिमान व लज्जा या दोहोंचा विषय होती, असे त्याने १९९१ मध्ये एका अमेरिकन वृत्तपत्रातील लेखात स्पष्ट केले. या कलाचळवळीने हिणकस समजल्या गेलेल्या गोष्टींकडे पाहण्याची दृष्टीच पालटली व कार्मेनच्या पुनर्मूल्यमापनाला तेथून चालना मिळाली. १९७६ मध्ये रीओ येथे तिच्या नावाचे संग्रहालय सुरू झाले व तिचे पोशाख, दागिने आणि पादत्राणे त्यात ठेवण्यात आली. एलेना सोल्बेर्ग हिचा ‘बनानाज इज माय बिझनेस’ हा १९९५ मधील अनुबोधपट आणि रुई कास्त्रू याने लिहिलेले बृहच्चरित्र (२००५) यांमुळे हॉलिवुडपूर्व काळातील गायिकेकडे पुन्हा लक्ष वेधले गेले. साल्वादोरच्या ज्या भजी विकणाऱ्या स्त्रियांचा वेष तिने उचलला, त्यांच्या व्यवसायाला ब्राझीलच्या शासनाने २००५ मध्ये राष्ट्रीय सांस्कृतिक वारसा म्हणून अधिकृत मान्यता दिली.